चार किलोमीटरची राणी

वर्ल्ड क्रॉस कंट्री स्पर्धेत नऊ वर्षं महिलांची एक छोटी शर्यत असायची. आखली होती ट्रॅकवरच्या चपळ, वेगवान मुलींसाठी. सगळ्यात जास्त वेळा ती जिंकली मात्र तुरुंग खात्यात नोकरी करणाऱ्या एका आईनं. तेही पस्तिशीच्या अल्याडपल्याड!

पॅरिस, ऑगस्ट २००३. वर्ल्ड चॅम्पियनशिपमधली महिलांची ५००० मीटरची फायनल. पहिली आली इथिओपियाची तिरुनेश दिबाबा. वय वर्षं १८. तिसरी आली केनियाची एडिथ मासाई. वय वर्षं ३६. म्हणजे बरोब्बर दुप्पट!

आता हा सीन आपल्या ओळखीचा आहे. काल-परवा जॉइन झालेली पोरगी पहिल्याच वर्षी सगळ्यांच्या पुढे निघून जाते. मग कॉफी मशीनपाशी लोक हळूच सीनियरच्या निरोप समारंभाची तयारी सुरू करतात. ‘छान खेळली हो इतकी वर्षं, पण आता नव्यांचा जमाना...’ वगैरे. तिशीच्या आत नाव झालं तर झालं, नाहीतर गाडी सुटली, हे गणित आपण सगळ्यांनीच कुठेतरी मनात धरलेलं असतं. मैदानावर तर ते गणित आणखी कडक. तिथे पस्तिशी म्हणजे कॉमेंट्री बॉक्सचं वय.

सात महिने गेले. मार्च २००४ मध्ये ब्रुसेल्सला वर्ल्ड क्रॉस कंट्री चॅम्पियनशिप भरली. महिलांच्या छोट्या शर्यतीत, म्हणजे ४ किलोमीटरमध्ये, त्या दोघी पुन्हा समोरासमोर आल्या. एकीचं वय तेच १८, दुसरीचं ३६. या वेळी मासाई पहिली आणि दिबाबा दुसरी! तिसरी आली ती इथिओपियाचीच तेयबा एर्केसो.

एखाद दिवस नशीब साथ देतं, असं म्हणायलाही जागा नव्हती. मासाईचं या शर्यतीतलं ते सलग तिसरं सुवर्णपदक होतं. २००२ मध्ये डब्लिन, २००३ मध्ये स्वित्झर्लंडमधलं अवांश आणि २००४ मध्ये ब्रुसेल्स. ही शर्यत तीनदा जिंकणारी दुसरी कुणी झालीच नाही. आणि आता होणारही नाही, कारण ती शर्यतच २००६ नंतर बंद झाली. पण त्याकडे नंतर येऊ.

घोड्यांच्या मैदानावर बायका

क्रॉस कंट्री म्हणजे नेमकं काय? आपल्याकडे बऱ्याच जणांना हा शब्द शाळा-कॉलेजच्या स्पोर्ट्स डेमुळे माहीत असतो. पहाटे उठवून कुठल्यातरी माळरानावर पळायला लावायचे, ती शर्यत. जागतिक पातळीवरही मूळ कल्पना तीच. ट्रॅक नाही, लेन नाहीत, घंटेचा निनाद नाही. गवत, चिखल, चढ, उतार, अचानक आलेलं वळण आणि हवामान जे काय असेल ते. मार्च महिन्यातलं युरोप म्हणजे बोचरा वारा आणि पाऊस आलाच.

गंमत म्हणजे या शर्यतींचं आणि घोड्यांचं जुनं नातं आहे. १९०३ मध्ये देशादेशांमधली पहिली क्रॉस कंट्री स्पर्धा झाली ती स्कॉटलंडमधल्या हॅमिल्टन पार्क रेसकोर्सवर. पुढे ऑस्टेंड, डब्लिन, अवांश, सगळीकडे घोड्यांच्याच मैदानांवर माणसं पळाली. कारण सोपं आहे. भरपूर मोकळी हिरवळ, चारी बाजूंनी प्रेक्षकांची सोय आणि मैदान खराब झालं तरी फारसं कुणी रडत नाही. महालक्ष्मी रेसकोर्सवर सकाळी चालायला जाणाऱ्यांना हे चटकन पटेल. पावसाळ्यात तिथल्या गवतातून शंभर पावलं धावून बघा. बूट उचलताना पायाखालची जमीन सोडतच नाही.

म्हणूनच क्रॉस कंट्रीत विश्वविक्रम नावाची भानगड नसते. वेळेची तुलना करायची तरी कशी? १९९९ मध्ये बेलफास्टला महिलांची छोटी शर्यत झाली तेव्हा मैदानाचा अक्षरशः रबरबाट झाला होता. केनियाची जॅकलिन मरांगा जिंकली ती १५ मिनिटं ९ सेकंदांत. चारच वर्षांनी अवांशला मासाईनं हीच शर्यत १२ मिनिटं ४३ सेकंदांत संपवली. बेलफास्टचं अंतर थोडंसं जास्त होतं हे खरं, पण बाकीचा फरक चिखलाचा. इथे घड्याळ बघायचं नसतं. बाजूचीला बघायचं असतं.

आणि बाजूला एक नाही, शंभरेक जणी असतात. स्टार्ट लाइन खूप रुंद असते. प्रत्येक देशाला एकेक कप्पा आखून दिलेला असतो आणि त्या देशाच्या मुली त्यात एकामागे एक उभ्या राहतात. बंदूक वाजली की ही सगळी फौज एकदम सुटते, कारण काहीशे मीटरवर रस्ता अरुंद होणार हे सगळ्यांना ठाऊक असतं. विरार लोकलचे दरवाजे दादरला उघडतात तेव्हा जे होतं ना, तसलंच काहीतरी. फरक एवढाच की इथे सगळ्यांच्या बुटांना टोकदार खिळे असतात! कोपर लागतं, पाय पायात अडकतात, चिखल डोळ्यांत जातो. मोठ्या शर्यतीत सुरुवातीला मागे पडलात तर भरून काढायला ८ किलोमीटर असतात. छोट्या शर्यतीत पहिल्या वळणावर चाळिसाव्या नंबरावर असाल तर विषय संपला. तुम्ही मागून वाट काढेपर्यंत पुढच्या घरी पोचलेल्या असतात.

वेगाचा अंदाज यावा म्हणून सांगते. ब्रुसेल्सला मासाईनं ४ किलोमीटर घेतले १३ मिनिटं ७ सेकंदांत. म्हणजे ताशी १८ किलोमीटरपेक्षा जास्त वेग. जिममधल्या ट्रेडमिलवर हा आकडा टाकून बघा आणि किती सेकंद टिकता ते मोजा. (दांड्या धरून ठेवायच्या नाहीत. चीटिंग!) त्यानंतर लक्षात घ्या, की तिच्या पायाखाली रबरी पट्टा नव्हता, उंचसखल गवत होतं.

निम्मं अंतर, निम्मी माणसं?

ही छोटी शर्यत मुळात आली कुठून, याची गोष्ट मला पदकांपेक्षाही जास्त इंटरेस्टिंग वाटते.

बायकांना किती अंतर झेपतं, हे ठरवण्याचा मक्ता फार वर्षं पुरुषांकडेच होता. १९२८ च्या ऑलिम्पिकमध्ये महिलांची ८०० मीटरची शर्यत झाली. ‘बायका दमल्या हो!’ असा गलका झाला आणि ती शर्यतच काढून टाकली. परत आली ती थेट १९६० मध्ये. दमणं हाच ज्या खेळाचा धर्म, त्यात बायका दमल्या म्हणून त्यांना बाहेर काढलं! क्रॉस कंट्रीतही वेगळं काही नव्हतं. पुरुषांची स्पर्धा १९०३ पासून चालू, आणि महिलांची शर्यत त्यात आली १९६७ मध्ये, वेल्समधल्या बॅरी या गावी. अमेरिकेची डोरिस ब्राउन ती जिंकली आणि नंतरची चार वर्षंही तीच जिंकत राहिली. १९७३ मध्ये स्पर्धेची सूत्रं जागतिक ॲथलेटिक्स महासंघाकडे गेली. तेव्हा पुरुष १२ किलोमीटर धावायचे आणि बायका ४ च्या आसपास. वाढत वाढत नव्वदच्या दशकात हे अंतर ६ च्या घरात पोचलं. तरी पुरुषांच्या निम्मंच.

१९९८ मध्ये महासंघानं स्पर्धेचा साचा बदलला. वेगवेगळी मिळून मोठी आणि छोटी अशा दोन शर्यती, दोन दिवस. मोठी शर्यत पुरुषांना १२ किलोमीटर आणि महिलांना ८. छोटी मात्र दोघांनाही ४! म्हणजे सीनियर गटात स्त्री-पुरुषांना एकसारखं अंतर मिळालं ते फक्त या छोट्या शर्यतीत. कुणी त्याचा गाजावाजा केला नाही, पण तसं होतं खरं.

हेतू अर्थात समानतेचा नव्हता. लांब पल्ल्याच्या शर्यतींवर केनिया आणि इथिओपियाची घट्ट पकड होती. अंतर कमी केलं तर ट्रॅकवरचे १५०० मीटरवाले वेगवान खेळाडू येतील, इतर देशांनाही चान्स मिळेल, प्रेक्षकांना नवी नावं दिसतील, असा हिशेब होता. कागदावर उत्तम. पुरुषांच्या छोट्या शर्यतीची नऊच्या नऊ सुवर्णपदकं केनिया आणि इथिओपियाच्या खेळाडूंनी नेली. त्यातली शेवटची पाच तर एकट्या केनेनिसा बेकेलेनं! महिलांमध्ये नऊपैकी आठ. पूर्व आफ्रिकेबाहेरची एकच बाई ही शर्यत जिंकू शकली, आणि तीही अगदी पहिल्याच वर्षी.

तिचं नाव सोनिया ओ’सलिव्हन. आयर्लंडमधल्या कोव्ह नावाच्या बंदराच्या गावची. १९९५ ची ५००० मीटरची विश्वविजेती. १९९६ च्या अटलांटा ऑलिम्पिकमध्ये सगळ्यांच्या नजरा तिच्यावर होत्या आणि ५००० मीटरच्या फायनलमध्ये तिला शर्यत अर्धवट सोडावी लागली. एवढ्या मोठ्या स्टेजवर असं झालं की लोक पटकन ‘संपली’ म्हणून मोकळे होतात. मार्च १९९८ मध्ये मोरोक्कोतल्या माराकेशला तिनं शनिवारी ८ किलोमीटरची मोठी शर्यत जिंकली. दुसऱ्या दिवशी उठून ती छोट्या शर्यतीच्याही लाइनवर जाऊन उभी राहिली. मोरोक्कोची झहरा वाझिझ घरच्या प्रेक्षकांसमोर धावत होती. सोनिया तिलाही मागे टाकून जिंकली. एका वीकेंडला दोन वर्ल्ड टायटल्स! आपला वीकेंड सोफ्यावर कसा जातो ते सांगायला नकोच.

तेहतिसाव्या वर्षी पहिली मुलाखत

आता मासाईकडे येऊ.

एडिथ मासाईचा जन्म ४ एप्रिल १९६७ चा. ती केनियाच्या पश्चिमेकडच्या माउंट एल्गन भागातली. युगांडाच्या सीमेवर हा जुना विझलेला ज्वालामुखी पसरलेला आहे. नोकरी केनियाच्या तुरुंग खात्यात. हे वाचून दचकायला नको. आपल्याकडे रेल्वे, पोलीस, सेनादल खेळाडूंना नोकरी देतात, तसंच तिकडे लष्कर, पोलीस आणि तुरुंग खातं देतात. या खात्यांच्या टीम असतात, आपापसांत खुन्नस असते आणि महिन्याला पगार असतो. पळण्यातून पैसे मिळतीलच याची खात्री नसताना एका मुलाच्या आईला पगार म्हणजे काय, हे वेगळं सांगायला नको. मोठमोठ्या धावपटूंच्या गोष्टींत आपण अनवाणी पाय, डोंगर, गरिबी यांवर रमतो. पे-स्लिपबद्दल कुणी लिहीत नाही. मला विचाराल तर मासाईच्या गोष्टीत डोंगराइतकीच ती नोकरी महत्त्वाची आहे. उशिरा सुरू करणाऱ्याला सगळ्यात आधी वेळ लागतो, आणि वेळ विकत मिळतो तो पगारातूनच.

जागतिक स्टेजवर ती पहिल्यांदा नजरेत भरली २००१ मध्ये, वयाच्या तेहतिसाव्या वर्षी. ज्या वयात बाकीच्या धावपटू कोचिंगचे कोर्स शोधायला लागतात, त्या वयात!

ती स्पर्धा खरं तर डब्लिनला व्हायची होती. पण त्या वर्षी ब्रिटन-आयर्लंडमध्ये गुरांमध्ये लाळ्या-खुरकतची साथ पसरली. शेता-गवतातून शेकडो माणसं चिखल तुडवत जाणार म्हणजे साथीला आमंत्रणच. मग स्पर्धा ऐनवेळी बेल्जियममधल्या ऑस्टेंडला हलवली. तिथलं मैदान म्हणजे चिखलाचा लगदा. पहिल्या दिवशी मोठ्या शर्यतीत ब्रिटनची पॉला रॅडक्लिफ आणि इथिओपियाची गेटे वामी शेवटपर्यंत झुंजल्या आणि पॉला जिंकली. दुसऱ्या दिवशी छोट्या शर्यतीत त्याच दोघी, तोच चिखल, तशीच शेवटची झुंज. या वेळी वामी पुढे! दोन दिवसांत दोघींनी एकमेकींचा हिशेब चुकता केला. वर्तमानपत्रांना एवढा मसाला पुरेसा होता. त्यांच्या मागून तिसरी कोण आली, याकडे कोण कशाला बघतंय?

तिसरी आली होती मासाई.

पुढच्या वर्षी स्पर्धा ठरल्याप्रमाणे डब्लिनला, लेपर्डस्टाउन रेसकोर्सवर झाली. आयरिश प्रेक्षक आले होते ते सोनियाला बघायला. तिच्या धाकट्या मुलीच्या जन्माला जेमतेम तीन महिने झाले होते आणि ती छोट्या शर्यतीत धावणार होती. क्रॉस कंट्रीत वैयक्तिक पदकांबरोबर टीमचंही पदक असतं. प्रत्येक देशाच्या पहिल्या चार मुलींचे नंबर मिळवायचे, बेरीज जितकी कमी तितकी टीम वर. सोनिया सातवी आली आणि तिच्या टीमनं कांस्यपदक मिळवलं. मैदान डोक्यावर घेतलं लोकांनी. त्या सगळ्या गोंगाटात शर्यत जिंकून गेली ती पुन्हा एक आईच. मासाई पहिली, १३ मिनिटं ३० सेकंद. इथिओपियाची वर्कनेश किदाने दुसरी. मासाईला पस्तीस पूर्ण व्हायला अजून दोनेक आठवडे होते.

मग तिचा जो काय धडाका सुरू झाला! त्याच २००२ मध्ये मोनॅकोला ३००० मीटर ८ मिनिटं २३.२३ सेकंदांत. मँचेस्टरच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ५००० मीटरचं रौप्य, पॉला रॅडक्लिफच्या मागे. २००३ मध्ये अवांशला पुन्हा सुवर्ण. दुसरी पुन्हा किदाने. बिचारी किदाने त्याच वीकेंडला मोठ्या शर्यतीची विजेती ठरली होती, पण चार किलोमीटरला मासाईला काही केल्या मागे टाकता येईना.

हे तिला जमलं कसं? एक साधं उत्तर आहे. वयानं आधी जातो तो स्फोटक वेग, शंभर-दोनशे मीटरवाला. दमसास त्यापेक्षा बराच सावकाश उतरतो, आणि नियमित सराव असेल तर पस्तिशीतही तो टिकून असतो. ४ किलोमीटर ऐकायला छोटे वाटतात, पण सलग तेरा मिनिटं म्हणजे हा बहुतांशी दमसासाचाच खेळ. मिलर मुलींसाठी म्हणून आखलेली शर्यत प्रत्यक्षात तेवढी मिलर मुलींची नव्हतीच. मरांगासारखी राष्ट्रकुलची १५०० मीटरची विजेती बेलफास्टला जिंकली खरी, पण सलग कुणाचंच जमेना. त्यात चिखलात धावायचं म्हणजे नुसते पाय चालून उपयोग नाही. कुठल्या कडेचं गवत अजून घट्ट आहे, वळणाच्या आतून जायचं की बाहेरून, कुणाच्या मागे लपून वारा चुकवायचा, हे सगळं पळता पळता ठरवायचं असतं. तिथे अनुभवी बाई दोन पावलं पुढे असते. ही माझी आपली समजूत, तिनं असं कुठे सांगितलेलं नाही.

आणि मग आली पॅरिसची ती फायनल, दिबाबाचं सुवर्ण, मासाईचं कांस्य, आणि सात महिन्यांनी ब्रुसेल्स. तिथून आपण सुरुवात केलीच होती.

एक शर्यत गायब

ब्रुसेल्सनंतर अठरा वर्षांच्या त्या मुलीचं काय झालं? २००५ मध्ये फ्रान्समध्ये सँ-एतिएनजवळ स्पर्धा झाली. दिबाबानं मोठी शर्यतही जिंकली आणि छोटीही. सोनियानंतर असा डबल करणारी ती दुसरी आणि शेवटची बाई. त्याच वर्षी हेलसिंकीला तिनं ५००० आणि १०,००० मीटरचीही दोन्ही जागतिक सुवर्णपदकं उचलली. पुढे ऑलिम्पिकची सुवर्णपदकंही आली. थोडक्यात, मासाईनं ब्रुसेल्सला हरवलं ते कुणा लिंबूटिंबूला नव्हे.

२००६ ची स्पर्धा जपानमध्ये फुकुओकाला झाली. इथिओपियाची गेलेते बुर्का छोटी शर्यत जिंकली. आणि तिथेच शर्यत संपली, कायमची. २००७ पासून स्पर्धा पुन्हा एकाच दिवसाची झाली, एकच सीनियर शर्यत उरली. ज्या कारणासाठी छोटी शर्यत आणली होती ते काही साधलं नव्हतं. नवे देश आले नाहीत, पूर्व आफ्रिकेची पकड सैल झाली नाही, उलट त्यांच्या पदकांची संख्या दुप्पट झाली. आयोजकांच्या बाजूनं बघितलं तर निर्णय समजण्यासारखा आहे. तरी एक गोष्ट त्यात नकळत गेली. पुरुषांना १२ आणि बायकांना ८ हा जुना हिशेब तसाच राहिला, आणि ४-४ वाली बरोबरी तेवढी पुसली गेली. सीनियर पुरुष आणि महिला दोघांनाही १०-१० किलोमीटर मिळायला २०१७ ची कंपालाची स्पर्धा उजाडावी लागली. तिथेच एक नवीन छोटी शर्यतही आली. दोन पुरुष, दोन स्त्रिया, प्रत्येकी साधारण २ किलोमीटर अशी मिश्र रिले. ती पहिली रिले जिंकली केनियानंच.

नशिबाचा भाग बघा. छोटी शर्यत रद्द झाल्यावरची पहिली स्पर्धा, मार्च २००७ ची, भरली ती केनियात! मोंबासाला, समुद्रकिनारी, घामटं काढणाऱ्या उकाड्यात. केनियातली ती पहिलीच वर्ल्ड क्रॉस कंट्री. त्या उन्हात भलेभले अर्ध्यावर थांबले, बेकेलेसुद्धा. महिलांमध्ये जिंकली लॉर्ना किप्लगट, जन्मानं केनियन पण धावणारी नेदरलँड्ससाठी. दिबाबा दुसरी. घरच्या मैदानावर, घरच्या लोकांपुढे मासाईची चार किलोमीटरची शर्यत तेवढी नव्हती.

तोपर्यंत तिनं दुसरी सोय लावलेलीही होती. २००५ मध्ये ती हॅम्बर्ग मॅरेथॉन जिंकली. त्याच वर्षी हेलसिंकीत, दिबाबाच्या त्या १०,००० मीटरच्या शर्यतीत, अडतिसाव्या वर्षी ३० मिनिटं ३०.२६ सेकंद अशी आपली सर्वोत्तम वेळ देत पाचवी आली. २००६ मध्ये, एकोणचाळिसाव्या वर्षी, तिनं ऑस्लोला ५००० मीटर १४ मिनिटं ३३.८४ सेकंदांत पूर्ण केले. आयुष्यातली सगळ्यात वेगवान ५००० मीटर! पॅरिसला दिबाबापुढे हरली होती, त्यानंतर तीन वर्षांनी ती स्वतःहून जास्त वेगात धावत होती. त्याच वर्षी आफ्रिकन चॅम्पियनशिपमध्ये १०,००० मीटरचं सुवर्ण.

आणि २००७ चा सप्टेंबर, जपानमधलं ओसाका, वर्ल्ड चॅम्पियनशिपची महिलांची मॅरेथॉन. पुन्हा उकाडा, पुन्हा घामाच्या धारा, आणि या वेळी ४ नाही, तर ४२ किलोमीटर. सुवर्ण मिळालं केनियाच्या कॅथरिन एनदेरेबाला. तीही तुरुंग खात्यातलीच, मासाईची सहकारी, वय ३५. मासाई आठवी आली. त्या एप्रिलमध्ये तिनं चाळिशी पूर्ण केली होती.